लॉगिन बिघडले म्हणून थर्ड-पार्टी कुकी सुरू करायला सांगणे योग्य आहे का?

मूळ लेखन
सोशल मीडियाच्या खात्याने लॉगिन करताना लहान खिडकी उघडते, पासवर्ड स्वीकारला जातो, खिडकी मिटते आणि मागचे पान मात्र आपल्याला ओळखतच नाही. तक्रार केली की ‘ब्राउझरमध्ये थर्ड-पार्टी कुकी सुरू करा’ असे उत्तर मिळते (अशी कुकी म्हणजे उघडलेल्या संकेतस्थळाखेरीज दुसऱ्याच संकेतस्थळाने ब्राउझरमध्ये ठेवलेली छोटी नोंद). हा वापरकर्त्यावर अन्याय आहे, कारण एका लॉगिनसाठी त्याने माग काढणाऱ्या सगळ्यांनाच दार उघडून द्यायचे असा त्याचा अर्थ होतो. सफारी या कुकी मार्च २०२० पासून सरसकट अडवते आणि फायरफॉक्स २०२२ पासून त्या संकेतस्थळागणिक वेगळ्या ठेवते, त्यामुळे बदल अचानक झाला असेही म्हणता येत नाही. ओऑथ या, दुसऱ्या सेवेच्या खात्याने प्रवेश देण्याच्या पद्धतीच्या मूळ रीतीत संपूर्ण पानच गूगल किंवा फेसबुककडे जाते, तिथे त्यांची कुकी त्यांच्याच पत्त्यावर वाचली जाते आणि अल्पजीवी कोड घेऊन आपण परत येतो. यात थर्ड-पार्टी कुकी लागतच नाही.

प्रतिसाद
तुमचे म्हणणे पहिल्या लॉगिनपुरते खरे आहे. अडचण त्यानंतर सुरू होते. टोकनची, म्हणजे लॉगिन झाल्याच्या तात्पुरत्या डिजिटल परवान्याची, मुदत संपली की आमचे पान अदृश्य आयफ्रेममधून (पानात बसवलेल्या दुसऱ्या पानाच्या चौकटीतून) नवे टोकन आणत असे. आता आयफ्रेममध्ये कुकी मिळत नसल्याने ‘लॉगिन आवश्यक’ एवढेच उत्तर येते, आणि वापरकर्त्याला पुन्हा ओळख सेवेकडे (गूगल किंवा फेसबुककडे) पाठवले, तर त्याने अर्धा भरलेला अर्ज पुसला जातो. शिवाय क्रोमने जानेवारी २०२० मध्ये या कुकी हटवण्याचे जाहीर केले आणि जुलै २०२४ मध्ये तो बेत सोडला. मधल्या काळात लहान चमूंनी जे श्रम केले, त्यांचे काय?

धागालेखकाचे उत्तर
अर्ज पुसला जाणे ही खरी हानी आहे, ती मी हलकी मानत नाही. मात्र ज्या आयफ्रेममधून टोकन गुपचूप येते, तशाच आयफ्रेममधून आपण कोणते पान वाचतो हेही गुपचूप कळते, आणि ब्राउझरला या दोहोंत भेद करता येत नाही. सत्र, म्हणजे लॉगिन चालू असल्याची नोंद, आपल्या सर्व्हरवर ठेवावे, कुकी आपल्याच डोमेनची द्यावी आणि पान सोडण्यापूर्वी अर्जाचा मसुदा जतन करावा.

आणखी एक प्रतिसाद
फेडसीएम या ब्राउझरमार्फत लॉगिन करण्याच्या पद्धतीत खात्यांची यादी ब्राउझरच दाखवतो आणि होकार मिळेपर्यंत ती संकेतस्थळाला कळत नाही, ही मांडणी मला पटते. तरीही ती सर्व ब्राउझरांत सारखी उपलब्ध नसल्याने दोन्ही वाटा सांभाळाव्या लागतात. आणि अनेक डोमेनांवरून एकाच वेळी लॉगआउट करण्याचे काम, जे पूर्वी आयफ्रेममधून होत असे, ते आता सर्व्हरने सर्व्हरला कळवून करावे लागते. त्याचा उल्लेख तुमच्या मांडणीत कुठेच नाही.