महापालिकेची विधी विभागातली नोकरी घेऊ की सीनियरकडेच राहू? चार वर्षं झालीत, सल्ला हवाय

कोरा_वकालतनामा
नमस्कार मंडळी, पहिलाच धागा आहे, सांभाळून घ्या. वकिलीची सनद घेऊन चार वर्षं झाली, फोर्टात एका सरांकडे ज्युनिअर आहे. बहुतेक कामं हायकोर्टात अपील शाखेची, अधूनमधून सिटी सिव्हिल कोर्टात. सर शिकवतात छान, त्याबद्दल तक्रारच नाही, पण महिना १८ हजार आणि त्यातच लोकलचा पास, डबा, खोलीभाडं. बार कौन्सिल ऑफ इंडियाने २०२४ मध्ये शहरातल्या ज्युनिअरला किमान २० हजार द्यावेत असं परिपत्रक काढलंय, ते प्रिंट काढून पर्समध्ये ठेवलंय, सरांसमोर ठेवायची हिंमत काही होत नाहीये.

आता मुंबईच्या आसपासच्या एका महापालिकेत विधी विभागात कंत्राटी पोस्ट निघालीय, ११ महिन्यांची, पुढे वाढवतात म्हणे. पगार जवळजवळ तिप्पट. बाबा म्हणतात सरकारी आहे, डोळे झाकून घे. सरांची एक जुनी ज्युनिअर म्हणाली की एकदा तिकडे गेलीस की वकील राहत नाहीस, कारकून होतेस. पुढेमागे जेएमएफसीची (कनिष्ठ न्यायाधीशाची) परीक्षाही द्यायचीय. कोणी दोन्हीकडे काम केलंय का?

धोबीतलाव
आधी एक बघ, नेमणुकीच्या पत्रात नेमकं काय लिहिलंय. पूर्णवेळ पगारी नोकरी असेल तर बार कौन्सिलचा नियम ४९ लागतो, बार कौन्सिलला कळवून प्रॅक्टिस थांबवावी लागते, आणि कंत्राटी आहे म्हणून आपोआप सुटका होत नाही. पण काम कोर्टात उभं राहून केस चालवायचं असेल तर गोष्ट वेगळी, सुप्रीम कोर्टाने २०१३ ला दीपक अग्रवालच्या निकालात सरकारी वकिलांबद्दल तेच म्हटलंय, की पगार मिळतो म्हणून वकीलपण जात नाही, कोर्टात काम करता की नाही ते बघायचं. नुसतं टेबलावर बसून फायलीवर अभिप्राय लिहायचे असतील तर मात्र तो काळ प्रॅक्टिसमध्ये धरतील या भरवशावर राहू नको.

जेएमएफसीसाठी मे २०२५ च्या निकालाने तीन वर्षांची प्रॅक्टिस लागते, ती तुझी झालीय. जिल्हा न्यायाधीश किंवा सरकारी वकील व्हायचं तर सात वर्षांचा हिशोब, तिथे हे नडू शकतं.

रीडेव्हलपमेंटवाली
घे घे घे. अनुभव आणि पगार एकत्र कुठे मिळतोय आजकाल.

जुनी_फाइल
मी नऊ वर्षं एका महापालिकेत होतो (कुठली ते विचारू नका), २०१६ ला सोडली, तेव्हापासून स्वतःची प्रॅक्टिस. थोडं लांबण लागेल, चहा घेऊन बसा.

कारकून होतेस हे अर्धं खरं आहे. पहिली दोन वर्षं मी फक्त 'से' (कोर्टात द्यायचं लेखी म्हणणं) लिहिले. दावा आला, वॉर्डातून माहिती मागव, दोन स्मरणपत्रं पाठव, मग कनिष्ठ अभियंता अर्ध्या पानाचा खुलासा पाठवणार ज्यात मूळ प्रश्न सोडून सगळं असतं, त्याची कैफियत कर. पण तुझ्या वयाच्या कुठल्या ज्युनिअरला दिवसाला सात मॅटरमध्ये स्वतः उभं राहायला मिळतं? खासगीत सीनियर मागे बसवून ठेवतो, इथे तुझ्याशिवाय कोणी येतच नाही.

एक किस्सा सांगतो. अनधिकृत मजल्याचं मॅटर, २६० ची म्हणजे बेकायदा बांधकामाची नोटीस (मुंबईवाल्यांना त्यांच्या कायद्यातली कलम ३५१ ची माहीत असते, बाकीच्या महापालिकांना १९४९ चा कायदा, तिथे कलम २६०). समोरच्याने सकाळीच तातडीने मॅटर घेतलं, स्टे पाहिजे. वॉर्डाचा माणूस पावणेअकराला कॉरिडॉरमध्ये फाइल घेऊन धापा टाकत आला. फायलीला पानांचे नंबर नाहीत. नोटीस दारावर डकवली म्हणे, त्याचा फोटो होता पण त्यात फक्त दार, कागद फ्रेमच्या बाहेर. पंचनाम्यावर दोन पंचांच्या सह्या, दोघंही त्याच वॉर्डातले मुकादम. जजसाहेबांनी विचारलं, नोटीस कोणाला दिली? मी म्हणालो डकवली. कशावर? दारावर. हेच दार त्या मजल्याचं कशावरून? मी फोटोकडे बघितलं, अभियंत्याने छताकडे बघितलं. स्टे मिळाला, मिळायलाच हवा होता. मजला शंभर टक्के बेकायदा होता आणि तरी आम्ही हरलो, एका फोटोमुळे. त्या दिवशी संध्याकाळी मी स्वतः एक कोरा नमुना टाइप केला, नोटीस डकवताना काय काय लिहायचं, कुठून फोटो काढायचा, पंच कोण नकोत. वॉर्डात वाटला. पैकी दोन वॉर्डांनी वापरला.

आता ही अक्कल मला खासगीत सगळ्यात जास्त उपयोगी पडते. समोरून नोटीस आली की मी आधी ती बजावली कशी तेच बघतो. महापालिकेवर दावा टाकायच्या आधी महिन्याची नोटीस द्यावी लागते (१९४९ च्या कायद्यात कलम ४८७, मुंबईत ५२७), फाइल कुठल्या टेबलावर अडते, अभिप्राय कोण लिहितो, हे सगळं आतून बघितलेलं असतं. फक्त एक पथ्य पाळ, ज्या मॅटरमध्ये महापालिकेकडून काम केलंस किंवा सल्ला दिलास ते पुढे उलट्या बाजूने घ्यायचं नाही, नियमच आहे तो आणि लोक बघत असतात.

त्रास कुठला ते पण सांगतो. नऊ वर्षं माझा एकच अशील होता आणि तो मला शोधत आला नव्हता, मलाही तो शोधावा लागला नव्हता. बाहेर पडल्यावर पहिले आठ महिने फोन वाजलाच नाही. फी सांगता येत नव्हती, खरंच, तोंडातून आकडाच निघायचा नाही.

वऱ्हाडी_ठसका
महापालिकेची कामं करणारा वकील मागे पडते असं कोण म्हणते बाप्पा? भूषण गवई साहेबांचंच बघा न. मार्च १९८५ ला वकिली सुरू, आधी मुंबईत बॅरिस्टर राजा भोसलेंकडे, मग १९८७ ते ९० हायकोर्टात स्वतःची प्रॅक्टिस, नंतर नागपूर खंडपीठ. नागपूर महापालिका, अमरावती महापालिका, अमरावती विद्यापीठ, या सगळ्यांचे ते वकील होते. १९९२-९३ ला सहायक सरकारी वकील, जानेवारी २००० ला नागपूर खंडपीठात मुख्य सरकारी वकील, २००३ ला न्यायमूर्ती, आन मे २०२५ ला सरन्यायाधीश.

अन मजा अशी का बुलडोझरचा निकाल त्यांनीच लिहिला, १३ नोव्हेंबर २०२४. पाडायच्या आधी किमान १५ दिवसांची नोटीस, रजिस्टर्ड पोस्टाने, वरून बांधकामावर डकवायची, पाडतानाचं व्हिडिओ शूटिंग. रस्ता, फुटपाथ, नदी, रेल्वेलाइन यावरची अतिक्रमणं त्यातून वगळली. जुनी फाइल साहेब, तुमचा तो नमुना आता सगळ्या वॉर्डांना वापरा लागते.

जुनी_फाइल
@वऱ्हाडी_ठसका खरंय. पण एक फरक लक्षात घ्या, ते महापालिकेचे नोकर नव्हते, वकील होते. सोबत बाकीची प्रॅक्टिस चालू. पॅनलवर (मॅटरमागे फी घेणारा बाहेरचा वकील) असणं वेगळं आणि मस्टरवर सही करणं वेगळं. कोरा_वकालतनामा, तुला पॅनलवर घेत असतील तर माझं उत्तर बदलेल.

अपीलशाखा
पॅनलचं गोड गोड सांगू नका. मी आहे एका पॅनलवर (नाव नाही सांगत). दर मॅटरमागे फी ठरलेली, बिलाला रोजनाम्याची (कोर्टातल्या रोजच्या नोंदीची) कॉपी जोडा, ऑर्डरची कॉपी जोडा, वकीलपत्र जोडा, मग लेखापरीक्षणाचा शेरा येतो की तारीख जुळत नाही, का तर कोर्टाने मॅटर दुपारी दुसऱ्या बोर्डावर (त्या दिवशीच्या मॅटरच्या यादीवर) घेतलं होतं. दीड वर्षापूर्वीची बिलं अजून फिरतायत आणि आली तरी दहा टक्के टीडीएस कापून. पगार निदान महिन्याला तरी येतो. त्यात ऑगस्ट २०२५ ला कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालं, सांगली-सातारा-सोलापूरकडची जी कामं माझ्याकडे यायची ती तिकडे गेली. लोकांच्या दृष्टीने चांगलंच झालं म्हणा, रात्रीची गाडी पकडून यायचे बिचारे.

रीडेव्हलपमेंटवाली
वर घाईत लिहिलं होतं, आता नीट लिहिते. खासगीत सोसायट्यांची कामं करते, ७९अ (सोसायटी पुनर्विकासाचं कलम), डेव्हलपमेंट अ‍ॅग्रीमेंट, भाडं थकलं म्हणून रडणारे सभासद. पैसा आहे, खोटं कशाला बोलू, पण सेक्रेटरीचा रात्री साडेअकराला व्हॉट्सअ‍ॅप, "मॅडम एक छोटासा डाउट" आणि खाली ६४ पानांची पीडीएफ. फी विचारली की पुढच्या मीटिंगमध्ये विषय घेतो. आणि बाई वकील म्हटलं की पहिला प्रश्न, मोठे सर कधी येणार? ऑफिस माझं, बोर्डावर नाव माझं. महापालिकेतल्या माझ्या मैत्रिणीला हा प्रश्न कोणी विचारत नाही, तिच्या हातातली फाइलच बोलते. मला वाटतं तुला आत्ता ती दोन वर्षं उपयोगी पडतील.

कोरा_वकालतनामा
सगळ्यांचे मनापासून आभार. आज पत्र परत वाचलं. "न्यायालयीन प्रकरणांत महापालिकेतर्फे उपस्थित राहणे व बाजू मांडणे" असं तिसऱ्या मुद्द्यात आहे, पहिल्या दोनमध्ये अभिप्राय आणि पत्रव्यवहार. सोमवारी मुलाखत आहे, तिथे विचारणार की आठवड्यातले किती दिवस कोर्ट आणि किती दिवस ऑफिस. सनदेबद्दल बार कौन्सिलला लेखी विचारते.

सरांना कसं सांगू हा मोठा प्रश्न उरलाच. जुनी फाइल काका, तो नोटिशीचा नमुना अजून आहे का तुमच्याकडे?

जुनी_फाइल
आहे, पण २०२४ च्या निकालाआधीचा आहे, १५ दिवस आणि व्हिडिओचं घालावं लागेल. व्यनि (खासगी निरोप) कर, पाठवतो. सरांना मुलाखतीच्या आधी सांग, नंतर नको. आणि शुक्रवारी बोर्ड संपल्यावर सांग, सकाळी नको.

धोबीतलाव
आणि ते परिपत्रक पर्समधून काढून ठेव आधी.