पाणाड्याचा नारळ आणि 'विज्ञानाकडे उत्तर नाही'
(एका चर्चेतल्या पोस्ट; प्रत्येकीच्या वर लिहिणाऱ्याचं टोपणनाव)

शंकेखोर
परवा एका पोस्टमध्ये ठणकावून लिहिलं होतं: 'पाणाडी दहापैकी नऊ बोअर बरोबर दाखवतो. हे कसं होतं ते विज्ञानाला सांगता येत नाही, म्हणून विज्ञान ते नाकारतं.' पाणाडी म्हणजे तळहातावर नारळ धरून शेतात फिरणारा आणि नारळ उभा राहिला की 'इथे पाणी' म्हणणारा. पोस्टखाली नुसती वाहवा. म्हणून सविस्तर लिहितो.

स्पष्टीकरण सापडत नाही म्हणून गोष्ट खोटी, असं म्हणणारा चुकतोच. व्हिएन्नात १८४७ साली सेमेलवाइस या डॉक्टरने इतर डॉक्टरांना क्लोरीनच्या पाण्याने हात धुवायला लावले आणि बाळंतिणींचे मृत्यू झपाट्याने घटले. का घटले, हे त्यालाही नीट सांगता येत नव्हतं, जंतूंचा सिद्धान्त पुढे आला. पण त्याच्याकडे दोन वॉर्डांचे महिन्यागणिक आकडे होते. आधी परिणाम दिसला, कारणाचा शोध नंतर लागला.

पाणाड्याच्या बाबतीत परिणामाचीच नोंद नाही. दहापैकी नऊ म्हणजे नेमके कोणते दहा? लागलेल्या बोअरवर मोटार बसते आणि गाव रोज ती बघतं. कोरड्या बोअरवर दगड ठेवला की विषय संपला. शिवाय ओढ्याकाठच्या शेतात मुरूम आणि त्याखालचा मांजऱ्या खडक भरलेला असेल तर कुठेही भोक पाडा, थोडंफार पाणी लागतंच. तिथे 'इथे पाणी आहे' म्हणण्यात कसब नाही. त्याच शेतात कोरडी जागा दाखवून द्या आणि ती कोरडी निघू द्या, मग बोलू.

बांधावरून
खुर्चीत बसून वॉर्डांचे आकडे मागणं सोपं आहे. शेतकऱ्याने नोंदवही ठेवायची कधी? आणि ती फक्त पाणाड्यालाच का मागता? पाणी शोधायचं मशीन घेऊन येणारा चार खुंट्या ठोकतो, लॅपटॉपवर रंगीत चित्र दाखवतो, पाणाड्याच्या कितीतरी पट पैसे घेतो आणि बोअर कोरडं गेलं की 'फ्रॅक्चर (खडकातली भेग) हुकलं' म्हणून मोकळा. त्याला कोणी अंधश्रद्धाळू म्हणत नाही!

आणि ही विद्या आजची नाही. वराहमिहिराने दकार्गलात, म्हणजे बृहत्संहितेतल्या पाणी शोधण्याच्या अध्यायात, सांगितलंय की जांभळाच्या पूर्वेला जवळच वारूळ असेल तर दक्षिणेला दोन पुरुष (माणसाच्या उंचीवरून घेतलेलं माप) खोलीवर गोड पाणी. म्युनिकजवळ १९८७-८८ साली जर्मन सरकारच्या पैशाने प्रयोग झाले, त्यात काही पाणाडी खरे ठरल्याचं संशोधकांनीच लिहिलंय. ते सोयीस्करपणे विसरायचं?

गेरूचा थर
मशीनवरच्या रागात तथ्य आहे, पण खुंट्या म्हणजे काय ते तरी समजून घ्या. बाहेरच्या दोन खुंट्यांतून जमिनीत वीज सोडायची, आतल्या दोघींमध्ये किती व्होल्ट पडतात ते मोजायचं. बाहेरच्या खुंट्या लांब नेत गेलं की वीज खोल उतरते. आपल्या बेसाल्टात पाणी धरलेला झिजका खडक साधारण २० ते ४० ओहम-मीटर (विजेला होणारा रोध) दाखवतो, काळा पाषाण ७० च्या वर, बऱ्याचदा शेकड्यांत.

घोळ होतो तो वाचताना. चिकणमाती आणि गेरूचा लाल थर पाणी न देताही १० च्या आसपास उतरतो. अडाणी माणूस कमी आकडा दिसला की 'पाणी' म्हणून खूण करतो. दुसरं, पातळ थर आणि जास्त वाहकता, किंवा जाड थर आणि कमी वाहकता, दोन्हींचा आलेख जवळजवळ एकच येतो. एका आलेखातून तीन-चार वेगवेगळे भूस्तर काढता येतात आणि तिन्ही-चारही आकड्यांत चपखल बसतात. म्हणून शेजारच्या विहिरीचा कठडा उतरून थर डोळ्यांनी बघितल्याशिवाय अहवाल लिहूच नये. बरेच जण तेवढेही कष्ट घेत नाहीत.

व्हीनॉच
मुळात 'लागलं' कशाला म्हणायचं? बोअरच्या गाडीवाला म्हणतो दोन इंची पाणी. कशाने मोजलं? पाणी मोजायच्या पत्र्यातल्या ९० अंशांच्या व्ही-खाचेवर पाण्याची उंची एक इंच असेल तर ताशी सुमारे ५०० लिटर आणि दोन इंच असेल तर ताशी २९०० च्या आसपास. उंची दुप्पट, पाणी साडेपाच पटींहून जास्त. नुसत्या नजरेने अर्धा इंच चुकलं तरी हिशेब कोसळतो.

त्यात कॉम्प्रेसरच्या हवेने उसळणारं पाणी हे भेगांत साठलेलं असतं. ते बघून पाणाड्याला हार घालतात. चार तास सलग उपसा करा आणि पातळी कुठे थांबते ते बघा. अनेक 'यशस्वी' बोअर तिथेच गळपटतात. आणि एजंटांबद्दल कोणीच का बोलत नाही? फुटावर पैसे मिळतात म्हणून 'अजून पन्नास फूट, पाणी आहेच' चालू राहतं. बेसाल्टात खोल गेलं की पाणी वाढतंच असं अजिबात नाही, खाली काळा पाषाण लागला की बराच वेळ कोरडंच जाऊ शकतं.

मीमांसक
चर्चा इंच आणि ओहममध्ये वाहून गेली. मूळ प्रश्न अनुमानाचा आहे आणि तो नैयायिकांनी, म्हणजे न्यायदर्शनाच्या तर्कपंडितांनी, फार पूर्वी नेमका मांडलाय. अग्नीवरून धुराचं अनुमान का फसतं? कारण मधे ओलं सरपण हा उपाधी (मधे लपलेली अट) आहे. धूर असेल तिथे ओलं सरपण असतंच, पण अग्नी असेल तिथे ते असेलच असं नाही.

तोच नियम इथे लावा. नारळ उभा राहणं हा हेतू (खूण), पाणी हे साध्य (सिद्ध करायची गोष्ट), सखल जागा हा उपाधी. पाणाडी चालताना उतार, उंबर, बांधावरची हिरवळ सगळं बघतो आणि नारळ तिथेच उठतो. उपाधी बाजूला काढायचा तर त्याला सपाट माळावर न्या, जिथे झाड नाही, ओहोळ नाही. तिथेही अनुमान टिकलं तरच व्याप्ती, म्हणजे खूण आणि साध्य यांचा न चुकणारा संबंध. वराहमिहिराचा दाखला तर उलटा पडतो. तिथे झाड आणि वारूळ आहे, कोणालाही तपासता येणारी खूण. हातातला नारळ नाही.

बांधावरून
म्हणजे पाणाड्याला जमीन वाचता येते, हे तुम्हीच कबूल केलंत. मग भांडण कशाचं? त्याला ते शब्दांत सांगता येत नाही, नारळ त्याच्या वतीने सांगतो. तुम्हाला स्पष्टीकरण हवं होतं ना, हे घ्या.

शंकेखोर
हे स्पष्टीकरण मला मान्य आहे. पण त्याची किंमतही मोजा. नारळ पाण्यामुळे उठत नाही, पाणाड्याच्या अपेक्षेमुळे उठतो. तळहात अंशभर कलला की गोल बुडाचा नारळ तोल बदलतो, धरणाऱ्याला ते जाणवतही नाही. १८३३ साली फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ शेव्रलने टांगलेल्या लंबकावर हेच दाखवलं: डोळे बांधले की लंबकाची हालचाल मंदावून थांबते. पाणाडी लबाड आहे असं कोणीच म्हणत नाही. प्रामाणिक माणसाच्या हातातही नारळ उठतो, म्हणूनच तो पुरावा ठरत नाही.

म्युनिकचं म्हणाल तर सुमारे ५०० जणांतून ४३ निवडले होते. कोठाराच्या तळमजल्यावर गाड्यावर पाइप सरकवायचा आणि वरच्या मजल्यावरून जागा ओळखायची. निवडक फेऱ्या बघितल्या तर थक्क व्हायला होतं. पण १९९९ च्या फेरतपासणीत दिसलं की एका फेरीत नेम साधणारा पुढच्या फेरीत तो पुन्हा साधू शकला नाही. जर्मनीतल्या कासेलला १९९० साली ३० जण उतरले. अर्धा मीटर खोल पुरलेल्या पाइपातून पाणी वाहतंय की नाही, एवढंच सांगायचं होतं. अटी त्यांनी आधी मान्य केल्या होत्या, यशाची खात्रीही दिली होती. निकाल नाणं उडवून मिळतो तेवढाच आला.

बांधावरून
प्लॅस्टिकचा पाइप म्हणजे झरा नव्हे! पोहणाऱ्याला बादलीत उतरवून बुडाला म्हणायचं, असं झालं हे. आणि मे महिन्यात टँकरच्या रांगेत उभ्या असलेल्या माणसाला तुमची व्याप्ती काय कामाची? त्याला उद्या गाडी लावायची असते.

मीमांसक
पाइपाचा आक्षेप रास्त आहे, पण तो निकालाआधी यायला हवा होता. निकालानंतर आलेली सबब तेव्हाच ग्राह्य, जेव्हा ती स्वतंत्रपणे तपासता येते. 'फ्रॅक्चर हुकलं' हे बोअरमध्ये कॅमेरा सोडून बघता येतं. 'झरा सरकला' हे कशाने बघणार?

मेच्या टँकरचं मात्र खरं आहे. न्यायदर्शनाचे उदयनाचार्य म्हणतात, शंकेची हद्द व्याघातापर्यंत, म्हणजे स्वतःशीच विसंगती येईपर्यंत. जी शंका धरून तुम्ही स्वतःच वागू शकत नाही ती शंका पोकळ. शेतकऱ्याला खात्रीविना कुठेतरी खूण करावीच लागते आणि तो ती करतो. त्यात काही गैर नाही. फक्त नाइलाजाने केलेली कृती म्हणजे सिद्ध झालेलं ज्ञान नव्हे. पुढे श्रीहर्ष या तत्त्वज्ञाने उदयनाचंच वाक्य उलटवून विचारलंय की तर्काने शंका थांबते कुठे. म्हणूनच दोन्ही बाजूंनी शंका मोजून घ्यावी.

शंकेखोर
तर खऱ्या झऱ्यावरच मोजू, एकही बोअर न मारता. एकाच शेतात पाणाड्याने डोळे उघडे ठेवून पाच जागा दाखवायच्या. त्या मोजपट्टीने लिहून घ्यायच्या, खुंटी ठोकायची नाही, कारण भोक पायाला लागतं. दुसऱ्या दिवशी डोळे बांधून, चिठ्ठी टाकून ठरवलेल्या कोपऱ्यातून पुन्हा फिरवायचं. हात धरून नेणाऱ्याला आदल्या दिवशीच्या जागा माहीत नसाव्यात, नाहीतर त्याचाच हात अडखळतो. शेतमालकाला बांधावरसुद्धा उभं करू नका. पाचांतल्या किती जागा दोन-तीन मीटरच्या आत पुन्हा येतात ते बघू. झरा एका रात्रीत हलत नाही.

बांधावरून
डोळे बांधून नांगरटीत चालायला लावणं मला पटत नाही, माणूस पडेल. पण चालेल, लावा. अट एकच. त्याच शेतात तुमचा मशीनवालाही दोनदा यायचा, दोन वेगळे मशीनवाले, एकमेकांचा अहवाल न बघता. त्यांच्या पाच-पाच जागा जुळल्या नाहीत तर तेही इथेच लिहायचं.

गेरूचा थर
मंजूर. फक्त दोघांनाही शेजारची विहीर उतरून बघू द्या, आणि पाणाड्यालाही.