नळाच्या पाइपांसाठी जनहित याचिका: बेळगावकरांनी धारवाड गाठावं का?

सीमाभाग_नागरिक
माझं मत, धारवाडच्या हायकोर्ट खंडपीठाकडं जावंच. राकसकोप आणि हिडकल या धरणांचं पाणी शुद्ध करून सोडलं तरी वाटेत नासलं तर काय उपयोग? मागच्या पावसाळ्यात आमच्या गल्लीत नळाला घाण वासाचं पाणी आलं, घरोघरी जुलाब सुरू झाले. तक्रार केल्यावर पाइपाचा एक तुकडा बदलला आणि खड्डा बुजवला. पाण्याचा अहवाल मात्र आजतागायत कुणी दाखवलेला नाही. कोर्टाकडे मागायचं ते मोजकंच: जुन्या वाहिन्यांचा नकाशा, नव्या पाइपांची दाबचाचणी, शेवटच्या घरातल्या नळावरचं क्लोरीन. हे वॉर्डवार जाहीर व्हावं, कन्नडबरोबर मराठीतही. शुद्ध पाणी हा राज्यघटनेच्या कलम 21 (जगण्याचा हक्क) खालचा हक्क आहे, असं सुप्रीम कोर्टानं 1991 मध्ये सुभाषकुमार खटल्यात म्हटलंय.

वकील_धारवाड
त्या निकालाचं पुढचं पानही वाचा. हक्क मान्य केला, पण याचिका फेटाळली, कारण ती वैयक्तिक हितासाठी केल्याचं कोर्टाला दिसलं. खंडपीठ तुम्हाला पहिल्यांदा विचारणार, तक्रार कुठं दिलीत, नमुना कुठं तपासलात? पाणीपुरवठा ही लोकोपयोगी सेवा आहे. त्यासाठी विधी सेवा प्राधिकरण कायद्यातल्या 2002 च्या दुरुस्तीनं स्थायी लोकअदालतीची, म्हणजे समझोत्यानं वाद मिटवणाऱ्या मंचाची, सोय केली आहे. कोर्ट फी नाही. समझोता झाला नाही तर ती निकालही देऊ शकते. आधी तिथं जा.

सीमाभाग_नागरिक
तिथं फार तर आमच्या गल्लीचा प्रश्न सुटेल. सगळ्या शहराच्या जाळ्याचं काय? पीव्हीसी (प्लास्टिकच्या) पाइपात शिशाची संयुगं वापरायचे, तो विषय राष्ट्रीय हरित लवादापुढं (पर्यावरणाच्या खटल्यांचं न्यायासन) गेला म्हणून 2017 मध्ये लवादानं केंद्राला मर्यादा ठरवायला सांगितलं. गल्लीतल्या अर्जानं हे झालं असतं?

नळकाम_वडगाव
शिसं वगैरे ठीक, पण रोज खोदकाम करणारा म्हणून सांगतो, आपल्याकडं खरा धोका गटारातून जाणाऱ्या घरजोडणीचा आहे. जुना जीआय (जस्त चढवलेला लोखंडी) पाइप गंजून चाळण होतो. पाणी सुरू असतं तोवर आतून दाब असतो, घाण बाहेरच राहते. पाणी बंद झालं की पाइप रिकामा होतो आणि गटाराचं पाणी आत ओढून घेतो. त्यात लोक थेट लाइनीला मोटार लावतात, मग तर विचारूच नका. म्हणून चोवीस तास पाणी हवं. 2008 मध्ये शहराच्या काही भागात ते सुरू केलं, तेव्हा तिथलं जाळंच नवं टाकलं होतं. आणि मीटरपासून आतला पाइप मालकाचा. तो बदलायला कोर्ट येणार नाही.

अनगोळ_रहिवासी
मला भीती स्टेची, म्हणजे कोर्टाच्या स्थगितीची. पाइपांचं काम थांबलं तर उकरलेले रस्ते पावसाळाभर तसेच राहतील. याचिका करणारे घरी बसतील आणि चिखल आम्ही तुडवू.

वकील_धारवाड
स्टे मागायचाच नाही, देखरेख मागायची. विनंतीतल्या शब्दांवर पुष्कळ अवलंबून असतं.

खानापूरची_शिक्षिका
खेड्यांना विसरू नका. जलजीवन योजनेत नळ आले, पण नळ बसला म्हणजे पाणी पिण्याजोगं झालं असं नाही. आमच्याकडं पाणी तपासायचं किट आहे, तरी मुलांच्या आयांना निकाल काय आला ते समजत नाही, कारण कागद कन्नडमध्ये. कन्नडला माझा विरोध मुळीच नाही. पण आजारी पडणाऱ्या घराला तो कागद वाचता आला पाहिजे. याचिका करा किंवा नका करू, ही मागणी सोडू नका.

सीमाभाग_नागरिक
वकीलसाहेबांचा पुराव्याचा मुद्दा पटला, पण लोकअदालतीतच थांबायला मी तयार नाही. दोन्ही करू. ज्यांच्या घरी वासाचं पाणी आलं त्यांनी तक्रारीची पोच जपून ठेवा. नळाच्या पाण्यात उरलेलं क्लोरीन प्रति लिटर निदान 0.2 मिलिग्रॅम असायला हवं. ते मोजायचं किट ज्यांच्याकडं आहे त्यांनी तारीख, वेळ आणि पाणी सुटल्यावर किती मिनिटांनी नमुना घेतला तेवढं लिहून ठेवा.

नळकाम_वडगाव
पहिल्या पाच मिनिटांचाच घ्या. नंतर लाइन धुऊन निघते, घाण सापडत नाही.