आधी ब्रुअरी, मग डिस्टिलरी

एकाच दिवशी ब्रुअरी (बिअरचा कारखाना) आणि डिस्टिलरी (व्हिस्कीचा कारखाना) पाहणं म्हणजे तेच दोनदा पाहणं, असं एक मत आहे. ते मला अर्धंच पटलं. मोड आणून वाळवलेली बार्ली, गरम पाणी, यीस्ट, इथपर्यंत गोष्ट एकच. पण म्हणूनच आधी ब्रुअरी करा. व्हिस्कीसाठी आंबवलेलं द्रावण म्हणजे हॉप्स (बिअरला कडवटपणा आणि सुगंध देणारी फुलं) न घातलेली, साधारण ८ टक्के अल्कोहोलची बिअरच. आमच्या गाइडने घोटभर चाखवली: कोमट, आंबट, अगदीच पांचट. सकाळीच हॉप्स हुंगले होते, म्हणून काय गायब आहे ते लगेच कळलं. तांब्याच्या भांड्यातून दोनदा ऊर्ध्वपातन झालं की तेच ७० टक्क्यांच्या आसपास जातं, तेही पाण्यासारखं नितळ!

आणि हो, आंबवणीच्या टाकीत वाकून नाक खुपसू नका. कार्बन डायऑक्साइडचा असा झटका बसतो की डोळ्यांतून पाणीच येतं.