बंदरावरच्या मूकपटांवर निवेदन चढवावं का?

धरमपेठकर: रविवारी घरी आम्ही चौघं जमलो होतो. भिंतीवर पडदा लावून गोऱ्यांच्या राज्यात बोटी सुटतानाची जुनी दृश्यं बघत होतो. एका तुकड्यात खांद्यावर ट्रंक घेतलेला हमाल येतो, जरा थबकून सरळ आपल्याकडे बघतो आणि निघून जातो. मागे साहेब-मडमांचे रुमाल हलताहेत. यावर कोणीतरी निवेदन आणि भोंग्याचा आवाज चढवला आहे. त्या गलक्यात हमालाकडे कोणाचं लक्षच गेलं नाही, मला रीळ मागे घेऊन दाखवावं लागलं. माझं स्पष्ट मत आहे की हे मूकपट मूकच दाखवावेत. सिनेमाची सुरुवात करणाऱ्या ल्युमिएर बंधूंचं एक रीळ जेमतेम 50 सेकंदांचं असे. तेवढा वेळ गप्प बसवत नाही का आपल्याला?

महालवाली: भाऊ, गप्प बसून बघाल तर कॅमेऱ्याने दाखवलं तेवढंच दिसेल. ऑक्टोबर 1899 मध्ये ब्रिटिश जनरल बुलर 'डनॉटर कॅसल' बोटीने दक्षिण आफ्रिकेतल्या बोअर युद्धावर निघाला, तेव्हा बायोग्राफ या सिनेमा कंपनीचा डिक्सन कॅमेरा घेऊन त्याच बोटीत होता. पुढे याच बुलरच्या फौजेतले जखमी कोणी वाहून नेले? गांधीजींच्या पथकातल्या सुमारे 1100 हिंदी लोकांनी, आणि त्यातले 800 गिरमिटिये, म्हणजे करारावर नेलेले मजूर! तेही तिकडे बोटीनेच गेले होते. 1860 मध्ये मद्रासहून त्यांची पहिली बोट 'ट्रुरो' सुटली तेव्हा सिनेमाच नव्हता, कबूल. पण गिरमिटियांना घेऊन दक्षिण आफ्रिकेतल्या नाताळ प्रांताला बोटी 1911 पर्यंत जात होत्या. त्यांच्या निरोपाचं एकही दृश्य मी आजवर पाहिलेलं नाही. हे निवेदनात नाही सांगायचं तर कुठे सांगायचं?

इतवारीकर: ताई, कॅमेरा नेहमी साहेबाच्याच हाती होता असंही नाही ना. 1901 मध्ये आपल्याच सावेदादा भाटवडेकरांनी विलायतेहून परतलेल्या रँग्लर परांजप्यांचं मुंबईतलं स्वागत टिपलं. केंब्रिजला गणितात पहिला येऊन आपला माणूस परत आला म्हणून ती गर्दी लोटली होती! अशा प्रसंगावर बोलत राहण्यापेक्षा नुसतं बघावं. मी धरमपेठकरांच्या बाजूने.

महालवाली: परांजपे कोण हे तुम्हाला ठाऊक आहे म्हणून नुसतं बघून चालतं. माझ्या भाचीला विचारा, तिला गर्दी आणि टोप्याच दिसतील.

धरमपेठकर: हे मात्र पटलं, ताई. पण मग दिवे मालवण्याआधी सांगा ना, 'ट्रुरो'पासून सगळं. अर्धा तास घ्या. फक्त तो हमाल आपल्याकडे बघत असताना कोणी बोलू नये, एवढं माझं ऐका.

महालवाली: आधी सांगितलेलं पडद्यावर बोट हलली की विसरतात, राजेहो. त्या हमालावरच चित्र थांबवा, मी तिथेच बोलेन.