मराठी सिनेमावर मोबाइल गेम: हक्क नेमके कुणाकडून घ्यायचे?

वर्धारोड_पिक्सेल: नागपुरात चौघांचा स्टुडिओ आहे. येणाऱ्या एका मराठी सिनेमावर रनर गेम (पात्र सतत पुढे पळत राहतं तो) करायचा आहे. निर्माता तोंडी 'हो' म्हणतो. तेवढं पुरतं का?

सदरवाला: नाही भाऊ. कॉपीराइट कायद्याच्या कलम 30 प्रमाणे परवाना लेखीच लागतो. करारात मुदत नसेल तर 5 वर्षं धरतात, प्रदेश नसेल तर फक्त भारत. आणि वेगळं ठरलं नसेल तर वर्षभरात न वापरलेला हक्क संपतो. गेम रखडतातच, म्हणून हे शेवटचं आधी बदलून घ्या.

धरमपेठ_कोड: निर्मात्याच्या सहीत सगळं येत नाही. नटाचा चेहरा-आवाज त्याच्या करारात गेमसाठी दिलेला आहे का, ते पाहा. गाणी बहुतेकदा म्युझिक कंपनीकडे गेलेली असतात. चेहरा अडला तरी रनरमध्ये पाठच दिसते म्हणा. ॲपच्या आयकॉनवर मात्र चेहऱ्याची अडचण येईल.

सदरवाला: रॉयल्टी 'निव्वळ उत्पन्नावर' असेल तर काय वजा होणार ते लिहा: स्टोअरचं कमिशन, कर, परतावे. जाहिरातखर्चावर भांडणं इथेच होतात. गेममधली चित्रं निर्मात्याने मंजूर करायला 10 कामाचे दिवस, उत्तर नाही आलं तर मंजूर, असं कलम टाका.

वर्धारोड_पिक्सेल: प्ले स्टोअरचं खातं नवीन, वैयक्तिक आहे. चालेल नं?

धरमपेठ_कोड: चालेल, पण आधी 12 टेस्टर सलग 14 दिवस क्लोज्ड टेस्टमध्ये (निवडक लोकांपुरती चाचणी) हवेत. त्यानंतरही गुगलची तपासणी असते. रिलीजच्या तारखेपासून मागे मोजा.