जुन्या दाव्यातला ‘राजीनामा’: आज काय लिहावं?

खळ्यावरचा: आजोबांच्या वेळच्या वाटपाच्या दाव्याची नक्कल आजच्या मराठीत उतरवतोय. ‘उभयतांनी राजीनामा दाखल केला, सबब दावा त्याप्रमाणे निकाली’ असं वाक्य आहे. चुलतभाऊ विचारतो, कोणी कशाचा राजीनामा दिला? मी ‘तडजोड’ लिहिलं, पण राजीनामा आणि तडजोड वेगळी असं वडील ठामपणे सांगायचे.

सीमावासी: राजी म्हणजे कबूल, संतुष्ट, नामा म्हणजे लेख. दोघे राजी असल्याचा कागद, हाच मूळ अर्थ. आमच्या बेळगावकडे कानडीत तडजोडीला आजही ‘राजी’च म्हणतात.

जमाबंदी: मुंबई इलाख्याच्या महसुलात ‘राजीनामा-कबुलायत’ अशी जोडी होती. जमीन सोडणारा राजीनामा लिहून द्यायचा, घेणारा कबुलायत, म्हणजे कबुलीचा लेख. ‘सोडण्या’चा अर्थ तिथूनच चिकटला आणि मग नोकरीला लागला, असं माझं अनुमान.

दिवाणीवाला: आता कोर्टात ‘तडजोड पुरसीस’, म्हणजे तडजोडीचं लेखी निवेदन देतात. दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश 23 नियम 3. 1976 च्या दुरुस्तीपासून तडजोड लेखी आणि पक्षकारांच्या सहीची लागते. मजकूर समजला का, कोणाचा दबाव आहे का, हे न्यायाधीश समोर उभं करून विचारतात. मग ‘तडजोड हुकूमनामा’ (डिक्री) होतो.

स्वभाषा: पुरसीस फारसी, हुकूमनामा फारसी! शिवाजी महाराजांनी साडेतीनशे वर्षांपूर्वी फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देणारा राज्यव्यवहारकोश करवून घेतला आणि आपण अजून तिथेच. ‘संमती-निवाडा’ म्हणा.

दिवाणीवाला: निवाडा म्हणजे कोणीतरी खरंखोटं ठरवलं. तडजोडीत कोर्ट ते ठरवतच नाही. शिवाय लोकअदालतीच्या निर्णयाला निवाडा म्हणतातच. 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने त्यावर अपील नाही, कोर्ट फी परत मिळते. आणि ‘पुरसीस’ माझ्या अशिक्षित आशिलालाही कळते.

माहेरवाशीण: मला ‘राजी’च खटकतो. माझ्या आत्याने माहेर तुटेल या भीतीने सही केली. कागदावर ती राजी. तिने सगळंच सोडलं, भावांनी काहीच नाही. त्याला हक्कसोड म्हणा, तडजोड नका म्हणू.

सीमावासी: अगदी बरोबर. तडजोडीत दोघांनीही काही सोडायला हवं. तडा गेलेलं जोडणं ती तडजोड.

जमाबंदी: तडा कशाला? ‘तडीस नेणे’मधली तड घ्या. तड म्हणजे काठ. दोन काठ जोडणं.

स्वभाषा: म्हणजे शब्द अस्सल मराठी आहे, एवढं तरी मान्य ना?

खळ्यावरचा: एक विचारायचं राहिलं. आमच्या राजीनाम्यात दाव्यात नसलेलं खळंही थोरल्या काकांना दिलंय. त्याने काही फरक पडतो?

दिवाणीवाला: पडतो. तडजोड दाव्यातल्या मिळकतीपुरती असेल तर हुकूमनाम्याची नोंदणी लागत नाही. बाहेरची स्थावर मिळकत घातली की त्या भागासाठी नोंदणीचा प्रश्न येतो. हुकूमनाम्याचं साल आणि खळ्याचा गट नंबर बघा, फेरफार, म्हणजे महसुली नोंदीत नावबदल, झालाय का तेही.

खळ्यावरचा: सातबाऱ्यावर अजून पणजोबांचंच नाव आहे.